एमिने सेव्गी ओझ्दामार : तुर्की नटी, जर्मन लेखिका

पिंपळपान

जर्मन साहित्यविश्वात ग्योर्ग ब्युशनर पुरस्काराचा मान सर्वांत मोठा समजला जातो. पाउल सेलान, ग्युंटर ग्रास, हाइनरिश ब्योल यांच्या पंक्तीत २०२२ साली एमिने सेव्गी ओझ्दामार यांचे नाव दाखल झाले आणि तुर्कस्तानात जन्मलेल्या लेखकाला हा पुरस्कार प्रथमच मिळाला. त्यांची ओळख करून देताना 'कारखान्यात मजुरी करायला जर्मनीत आलेली आणि पुढे लेखिका झालेली तुर्की स्त्री' असे एक ठरलेले वाक्य नेहमी वापरले जाते. ते खोटे नाही, परंतु त्यात मधली जवळजवळ वीस-पंचवीस वर्षे गाळलेली आहेत, आणि ती सगळी वर्षे नाटकाची आहेत. त्यांचे पहिले पुस्तक १९९० साली आले, तेव्हा त्यांचे वय चव्वेचाळीसच्या आसपास होते. तोवर त्या नटी होत्या, दिग्दर्शकांच्या साहाय्यक होत्या, नाटककार होत्या. त्यांचे गद्य वाचताना ही वर्षे लक्षात ठेवली नाहीत तर ते नुसतेच 'स्थलांतरिताचे आत्मकथन' वाटते, आणि माझ्या मते तिथेच वाचन फसते. म्हणून हा धागा.

ओझ्दामार यांचा जन्म १० ऑगस्ट १९४६ रोजी पूर्व अनातोलियातील मलात्या येथे झाला. बालपण इस्तंबूल आणि बुर्सा या शहरांत गेले. बुर्साच्या सरकारी नाट्यगृहात मोलियरच्या एका नाटकात त्यांनी बाराव्या वर्षी काम केले आणि नाटकाचे वेड तेव्हापासून जडले. जर्मनीला जाण्यामागेही हेच वेड होते. पश्चिम जर्मनी आणि तुर्कस्तान यांच्यात ३० ऑक्टोबर १९६१ रोजी कामगारभरतीचा करार झाला होता. त्याच वर्षीच्या ऑगस्टमध्ये बर्लिनची भिंत उभी राहिल्यामुळे पूर्वेकडून रोज कामाला येणारी माणसे बंद झाली होती, आणि पश्चिम बर्लिनच्या विद्युत उपकरणांच्या कारखान्यांना बारीक काम करू शकणाऱ्या तरुण मुली हव्या होत्या. १९६५ साली ओझ्दामार अशाच एका तुकडीबरोबर टेलेफुंकेनच्या कारखान्यात रेडिओचे व्हॉल्व्ह जुळवायला गेल्या. पैसे साठवून परत यायचे आणि नाट्यशाळेत नाव घालायचे, असा बेत होता.

मुलींचे वसतिगृह श्ट्रेझेमानश्ट्रासे या रस्त्यावर होते, आणि समोर हेबेल नाट्यगृह. या काळावर त्यांनी पुढे 'गोल्डन हॉर्नवरचा पूल' ही कादंबरी (१९९८) लिहिली (गोल्डन हॉर्न ही इस्तंबूलमधली खाडी). तिच्यातील मुली दिवसभर उजव्या डोळ्याला भिंग लावून काम करतात, त्यामुळे शेजारणीकडे मान वळवून पाहायचे झाले तरी ते भिंगाआडूनच. भाषा येत नसल्यामुळे दुकानात अंडी मागायची वेळ येते तेव्हा त्या विक्रेतीकडे पाठ फिरवतात, कंबर हलवतात आणि कोंबडीसारखा आवाज काढतात. साखर आणि मीठ यांसाठीही वेगवेगळे अभिनय ठरलेले आहेत. नायिका वर्तमानपत्रांचे मथळे अर्थ न कळता तोंडपाठ करते, आणि 'चालताना एवढा आवाज का करतेस' असे कोणी विचारले की पाठ केलेल्या मथळ्यांपैकी एखादा ठणकावून म्हणून टाकते. हा प्रसंग विनोदी आहेच, पण नीट पाहिले तर हे एका नटीचे भाषा शिकणे आहे. आधी हालचाल, मग आवाज, मग पाठांतर, आणि अर्थ सर्वांत शेवटी. नवे नाटक हाती आले म्हणजे पुष्कळ नट याच क्रमाने त्यात शिरतात.

१९६७ साली त्या इस्तंबूलला परतल्या आणि ठरल्याप्रमाणे १९७० पर्यंत नाट्यशिक्षण घेतले. त्यानंतर तुर्की रंगभूमीवर त्यांनी पेटर वाइसच्या 'मारा-साद'मध्ये शार्लोट कोर्देची आणि जर्मन नाटककार ब्रेख्तच्या 'मान इस्ट मान'मध्ये विधवा बेगबिकची भूमिका केली. मात्र १२ मार्च १९७१ रोजी लष्कराने निर्वाणीचा खलिता देऊन सरकार पाडले आणि डाव्या चळवळीतल्या विद्यार्थ्यांची, लेखकांची, नाटकवाल्यांची धरपकड सुरू झाली. देनिझ गेझमिश, युसुफ आस्लान आणि हुसेयिन इनान या तिघा तरुणांना ६ मे १९७२ रोजी फाशी देण्यात आले. ओझ्दामार यांनी पुढे वारंवार लिहिले आहे की त्या वर्षांत आपल्याच भाषेत राहणे त्यांना दुःसह झाले, कारण रोजच्या बोलण्यातले शब्दच फाशी, अटक आणि मृत्यू यांच्याभोवती फिरू लागले होते. परक्या भाषेत जाण्याचे हे कारण मला विलक्षण वाटते. आपली भाषा आजारी पडली म्हणून ती काही काळ हवापालटाला दुसरीकडे नेली, असा काहीसा तो प्रकार आहे.

१९७६ साली त्या पुन्हा बर्लिनला आल्या, पण या वेळी त्यांना भिंतीच्या पलीकडच्या बाजूला जायचे होते. ब्रेख्त १९५६ सालीच वारला होता, परंतु त्याचा शिष्य बेनो बेसों हा पूर्व बर्लिनच्या फोल्क्सब्यूने या नाट्यगृहाचा प्रमुख होता. ओझ्दामार त्याच्याकडे आणि दिग्दर्शक मातियास लांगहोफ यांच्याकडे साहाय्यक म्हणून दाखल झाल्या. सुरुवातीला मुक्काम पश्चिमेकडच्या वेडिंग भागातल्या सामायिक घरात आणि तालमी पूर्वेकडे, अशी रोजची सरहद्द ओलांडणी चाले. पुढे पूर्व जर्मनीचा व्हिसा मिळाल्यावर त्या पांकोव भागात राहू लागल्या. या दोन मुक्कामांची रोजनिशीवजा कथा 'विचित्र तारे पृथ्वीकडे टक लावून पाहतात' या पुस्तकात (२००३) आहे. शीर्षक एल्झे लास्कर-श्यूलरच्या कवितेतले आहे. या पुस्तकात त्यांनी तालमींच्या वेळी काढलेली रेखाचित्रेही छापली आहेत. नट कुठे उभा आहे, हात कुठे आहे, टेबल कुठल्या कोपऱ्यात आहे, असल्या नोंदी त्यांनी बसल्या बसल्या केल्या होत्या. हायनर म्युलरच्या पूर्वी बंदी घातलेल्या एका नाटकाच्या तालमी त्याच वर्षी तिथे चालू होत्या आणि त्यांच्याही नोंदी तिथे आहेत. नोव्हेंबर १९७६ मध्ये वोल्फ बीरमान या कवी-गायकाचे नागरिकत्व पूर्व जर्मनीने काढून घेतले आणि कलावंतांत खळबळ उडाली, तेव्हाही त्या तिथेच होत्या.

पुढे बेसों फ्रान्सला गेला आणि ब्रेख्तच्या 'कॉकेशियन चॉक सर्कल'च्या प्रयोगासाठी त्या त्याच्याबरोबर पॅरिस व आव्हिन्यों येथे गेल्या. १९७९ ते १९८४ या काळात क्लाउस पायमान यांच्या नेतृत्वाखालील बोखुम येथील नाट्यगृहात त्या नटी म्हणून होत्या. तिथेच नाट्यगृहाच्या सांगण्यावरून त्यांनी १९८२ साली आपले पहिले नाटक जर्मनमध्ये लिहिले. त्याचे नाव 'काराग्योझ इन आलामानिया'. त्याविषयी प्रतिसादांत बोलू, कारण तो एक स्वतंत्र विषय आहे.

चित्रपटांत त्या थोड्या दिसतात, पण लक्षात राहतात. हार्क बोम यांच्या 'यासेमीन' (१९८८) या हँबुर्गमध्ये घडणाऱ्या चित्रपटात त्यांनी नायिकेच्या आईची भूमिका केली आणि डोरिस ड्योरी यांच्या 'हॅपी बर्थडे, ट्युर्के!' (१९९२) या चित्रपटातही काम केले. त्या काळच्या जर्मन पडद्यावर तुर्की नटीसाठी बहुधा दोनच जागा होत्या, एक आईची आणि दुसरी फरशी पुसणाऱ्या बाईची. ओझ्दामार यांच्या पहिल्या कथासंग्रहातली शेवटची कथा याच विषयावर आहे. आपल्या देशात 'हॅम्लेट'मधली ऑफेलिया झालेली स्त्री जर्मनीत सफाईकाम करते, आणि तिच्या डोक्यातल्या रंगमंचावर हॅम्लेटपासून ग्रीक नाटकातल्या मिडियापर्यंत सगळी पात्रे एकमेकांत मिसळून धुडगूस घालतात. ही कथा मला त्यांच्या मोठ्या कादंबऱ्यांपेक्षाही अधिक धारदार वाटते.

रंगपट

उत्तम धागा. बेसों आणि ब्रेख्त यांचा उल्लेख आला म्हणून एक मुद्दा जोडतो.

मराठी रंगभूमीला हा दुवा अगदीच परका नाही. ज्या 'कॉकेशियन चॉक सर्कल'साठी ओझ्दामार फ्रान्सला गेल्या, त्याच नाटकाचे चिं. त्र्यं. खानोलकरांनी केलेले रूपांतर 'अजब न्याय वर्तुळाचा' विजया मेहता यांनी सत्तरच्या दशकाच्या पूर्वार्धात उभे केले, आणि त्यात पूर्व जर्मनीचे दिग्दर्शक फ्रिट्झ बेनेविट्झ यांचा सहभाग होता. म्हणजे ब्रेख्तच्या मृत्यूनंतर पूर्व जर्मनीत टिकून राहिलेली तालमीची पद्धत एकाच दशकात मुंबईलाही पोचली आणि इस्तंबूलच्या एका तरुण नटीलाही तिने ओढून नेले.

या पद्धतीतला कळीचा भाग असा की नटाने पात्रात विरघळून जाऊ नये, तर पात्र 'दाखवावे'. ते काय करते हे प्रेक्षकाला समजावे, आणि ते असे का करते हा प्रश्नही पडावा. आता 'गोल्डन हॉर्नवरचा पूल' पुन्हा वाचा. निवेदिका स्वतःबद्दल 'मला फार वाईट वाटले' असे क्वचितच म्हणते. ती काय केले, कुठे उभी राहिली, कोण कोणत्या सुरात बोलले एवढेच सांगते. गर्भपातासारखा किंवा अटकेसारखा प्रसंगही ती बाहेरून, जवळजवळ मिश्किलपणे दाखवते. पुष्कळ वाचकांना हा भोळेपणा वाटतो, पण मला ते प्रशिक्षण वाटते. तिथे नटी स्वतःच्या तरुणपणाची भूमिका करते आहे, आणि ती भूमिका आहे हे लपवत नाही.

'काराग्योझ'विषयी आपण लिहिणार होतात, त्याची वाट पाहतो.

पिंपळपान

रंगपट, आभार. 'दाखवणे' हा शब्द मी शोधत होते.

काराग्योझ हे तुर्की छायानाट्यातले जुने पात्र. चामड्याच्या रंगीत बाहुल्या पडद्यामागे नाचवून खेळ केला जातो. काराग्योझ अडाणी, तोंडाळ आणि भुकेला, तर त्याचा मित्र हाजिवात शिकलेला आणि अलंकारिक बोलणारा. दोघांचे बोलणे सतत एकमेकांच्या डोक्यावरून जाते आणि त्यातून विनोद होतो. दोघेही बुर्सातल्या मशिदीच्या बांधकामावरचे मजूर होते, त्यांच्या गप्पांमुळे काम रखडले म्हणून सुलतानाने त्यांना ठार केले, अशी दंतकथा सांगतात. बुर्सात वाढलेल्या मुलीला ही पात्रे लहानपणापासून ठाऊक असणार. तिने त्यातल्या मजुराला जर्मनीला पाठवले.

नाटकाचे मूळ मात्र एका खऱ्या पत्रात आहे. जर्मनीतली मजुरी सोडून गावी कायमचा परतलेल्या एका तुर्की कामगाराने लिहिलेले पत्र ओझ्दामार यांच्या हाती आले होते. नाटकात शेतकरी आपल्या गाढवाला घेऊन गावातून निघतो आणि 'जर्मनीचे दार' नावाच्या एका दारापाशी येतो. हे दार उघडते, मिटते, कोणाला आत घेते, कोणाला बाहेर टाकते. दरम्यान गाढव हळूहळू विचारवंत होत जाते, सिगारेटी ओढते, मार्क्सचे दाखले देते. मालक मात्र दर वेळी दोन्ही बाजूंनी थोडा थोडा झिजत जातो. १९८६ साली हे नाटक फ्रँकफुर्टच्या नाट्यगृहात त्यांनी स्वतः दिग्दर्शित केले. तुर्की आणि जर्मन नट एकत्र, शिवाय रंगमंचावर खरे गाढव, खरे कोकरू आणि खऱ्या कोंबड्या. त्या तालमींवर त्यांनी नंतर एक निबंध लिहिला, आणि तो नाटकाइतकाच वाचनीय आहे. पहिले काही दिवस सगळे एकमेकांशी आदबीने वागत होते. पुढे तुर्क जर्मनांवर, जर्मन तुर्कांवर, तुर्क तुर्कांवर घसरू लागले, आणि नाटकात लिहिलेले भांडण तालमीच्या खोलीत अवतरले. स्वतः मजूर राहिलेल्या, स्वतः नटी असलेल्या बाईने हा प्रकार दिग्दर्शकाच्या खुर्चीतून पाहिला.

शंकेखोर

धाग्याचा विषय चांगला आहे, पण मी थोडा विरोधी सूर लावतो. यांची 'कॅरॅव्हान्सराय'वाली (म्हणजे प्रवाशांच्या सराईवाली) बालपणावरची कादंबरी मी इंग्रजीतून वाचली आहे. शीर्षकच एक परिच्छेदभर लांब आहे. आत आजीच्या म्हणी, अरबी प्रार्थना, स्वप्ने, भुते, शेजारणी, मृतांच्या नावांच्या याद्या, असे एकावर एक रचत नेले आहे. युरोपातल्या वाचकाला पूर्वेचे जे चित्र पाहायला आवडते, तेच त्याला गालिच्यासारखे उलगडून दाखवले आहे, असे मला वाटत राहिले. पुरस्कार देणाऱ्यांनाही तेच भावले नसेल कशावरून? आणि तुर्की म्हणी जशाच्या तशा जर्मनमध्ये उतरवणे ही शैली मानायची की अनुवादाचा आळस, हेही एकदा ठरवावे.

पिंपळपान

शंकेखोर, ही शंका १९९१ पासून चालत आलेली आहे, त्यामुळे तिला नीट उत्तर दिले पाहिजे.

ऑस्ट्रियातील क्लागेनफुर्ट येथे दरवर्षी लेखक परीक्षकांसमोर आपला अप्रकाशित मजकूर मोठ्याने वाचतात आणि परीक्षक तिथेच, लेखकाच्या समोर, टीव्हीच्या कॅमेऱ्यांपुढे त्याची चिरफाड करतात. इंगेबोर्ग बाखमान पुरस्कार ठरतो तो याच ठिकाणी. १९९१ साली ओझ्दामार यांनी याच कादंबरीतला अंश वाचला आणि पुरस्कार मिळवला. जर्मन ही ज्यांची पहिली भाषा नव्हे अशा लेखकाला तो तेव्हा प्रथमच मिळाला. त्यानंतर काही समीक्षकांनी नेमके तुम्ही म्हणता तेच लिहिले. त्यांना हे पौर्वात्य परीकथेचे प्रदर्शन वाटले आणि यात साहित्य कुठे आहे असा त्यांचा सवाल होता. म्हणजे तुमच्या बाजूला वजनदार मंडळी आहेत.

माझे म्हणणे असे. कादंबरीची सुरुवात आठवा. निवेदिका आईच्या पोटात आहे, आई आगगाडीच्या डब्यात आहे, आणि डब्यात सैनिक आहेत. परीकथेची सुरुवात अशी होत नाही. पुढे वडिलांचे धंदे बुडतात, घर एका शहरातून दुसऱ्या शहरात हलते, पन्नाशीच्या दशकातला पंतप्रधान मेंदेरेसचा काळ येतो, अमेरिकी मदत येते, २७ मे १९६० चा लष्करी उठाव येतो. हे सगळे लहान मुलीच्या उंचीवरून दिसते, त्यामुळे राजकारण आणि भूत एकाच ओळीत उभे राहतात. आजीची प्रार्थना ही तिथे शोभेची वस्तू म्हणून ठेवलेली नाही. मुलगी आजीकडून अरबी प्रार्थना अर्थ न कळता शिकते, आणि पुढच्या पुस्तकात तीच मुलगी जर्मन मथळे अर्थ न कळता शिकते. हे दोन्ही प्रसंग शेजारी ठेवून वाचले की पहिल्याचा अर्थ बदलतो.

मृतांच्या याद्यांचेही तसेच. ती मुलगी रात्री झोपण्यापूर्वी मेलेल्यांसाठी प्रार्थना करते, आणि यादी दरवेळी वाढत जाते. मोठ्याने वाचून पाहा. कागदावर कंटाळवाणी वाटणारी ती यादी आवाजात आली की नाटकातल्या समूहगीतासारखी चढत जाते. क्लागेनफुर्टला ती वाचणारी बाई व्यावसायिक नटी होती, हे विसरता येत नाही.

तरीही, कादंबरी मध्यभागी लांबते हे मला मान्य आहे. बुर्साच्या गल्लीतल्या शेजारणींचे काही प्रसंग एकमेकांची पुनरावृत्ती करतात. आणि हो, म्हणी जशाच्या तशा आणण्याचा प्रयोग इंग्रजीत दुसऱ्यांदा भाषांतरित होऊन येतो तेव्हा निम्मा मरतो. त्याचा दोष मूळ पुस्तकावर टाकता येणार नाही, एवढेच.

राईनकाठ

मी बरीच वर्षे जर्मनीत राहतो, त्यामुळे दोन गोष्टी इथल्या संदर्भाने लिहितो.

पहिली, बर्लिनच्या त्या रस्त्याविषयी. हेबेल नाट्यगृह आजही चालू आहे. थोड्या अंतरावर आनहाल्टर स्थानकाचा अवशेष उभा आहे. एकेकाळचे हे प्रचंड रेल्वेस्थानक युद्धात जबर जखमी झाले, नंतर पाडले गेले, आणि आता फक्त प्रवेशद्वाराची एक भिंत उरली आहे. ओझ्दामार यांच्या कादंबरीतल्या मुली या भग्न भिंतीला 'रुसलेले स्थानक' म्हणतात, कारण त्यांच्या तुर्की बोलण्यात मोडलेला आणि दुखावलेला हे दोन्ही भाव एकाच शब्दात बसतात. मुली रात्री तिथे फिरायला जातात, उलट्या पावली चालतात, आणि जणू तिथून घरी आईवडिलांशी बोलता येते असे मानतात. आता तिथून जाणाऱ्या जर्मन वाचकांनाही ती भिंत रुसलेलीच दिसते, असे मी एकापेक्षा अधिक जणांकडून ऐकले आहे. आपल्या शहरातल्या एका जागेला परक्या मुलीने दिलेले नाव शहराने उचलावे, याहून अधिक सामावून घेणे ते कोणते?

दुसरी गोष्ट कप्प्यांची. जर्मन मातृभाषा नसलेल्या, पण जर्मनमध्ये लिहिणाऱ्या लेखकांसाठी १९८५ पासून आडेलबेर्ट फोन शामिसो नावाचा एक स्वतंत्र पुरस्कार होता. शामिसो स्वतः फ्रेंच सरदारघराण्यात जन्मलेला जर्मन कवी. ओझ्दामार यांना हा पुरस्कार १९९९ साली मिळाला. तो २०१७ साली बंद करण्यात आला, कारण असे लेखक आता जर्मन साहित्याच्या मुख्य प्रवाहातच आहेत, त्यांना वेगळी रांग नको, अशी देणाऱ्या संस्थेची भूमिका होती. त्याआधी २००४ साली ओझ्दामार यांना क्लाइस्ट पुरस्कार मिळाला होता आणि २००७ साली त्या जर्मन भाषा व साहित्य अकादमीच्या सदस्य झाल्या होत्या. ब्युशनर पुरस्कार देणारी संस्था हीच. म्हणजे रांग बदलायला त्यांना बराच वेळ लागला, पण बदलली ती पूर्ण.

मात्र 'परभाषक लेखकाला पहिला ब्युशनर' असे कोणी लिहिले तर ते बरोबर नाही. बल्गेरियात जन्मलेले आणि लादिनो या स्पॅनिश ज्यूंच्या भाषेत वाढलेले एलियास कानेटी यांना तो १९७२ सालीच मिळाला होता. वर पिंपळपान यांनी 'तुर्कस्तानात जन्मलेल्या' असे नेमके लिहिले आहे, ते योग्य आहे.

कोरा_कागद

चर्चा फार आवडली. पहिल्या कथासंग्रहात आजोबांची भाषा शिकण्याची एक कथा आहे असे ऐकले होते. तिच्याविषयी कोणी लिहील का? माझ्या पणजोबांची मोडीतली बाडे घरात आहेत आणि आमच्यापैकी कोणालाही ती वाचता येत नाहीत, त्यामुळे विशेष कुतूहल आहे.

पिंपळपान

कोरा_कागद, तुमच्या बाडांशी या कथेचे नाते अगदी जवळचे आहे. तुर्कस्तानने १९२८ साली कायद्याने अरबी लिपी सोडून लॅटिन लिपी स्वीकारली. आजोबांच्या पिढीचे लिहिणे-वाचणे अरबी लिपीत, नातवंडांचे लॅटिनमध्ये. कथेतली निवेदिका म्हणते की आजोबा आणि ती दोघेही मुके झाले असते आणि फक्त लिहून बोलायची वेळ आली असती, तर त्यांना एकमेकांना एकही गोष्ट सांगता आली नसती.

म्हणून ती पश्चिम बर्लिनमध्ये इब्नी अब्दुल्ला नावाच्या शिक्षकाकडे अरबी शिकायला जाते. तुर्कीकडे परत जाण्याची तिची वाट आजोबांच्या लिपीतून जाते, आणि हे सारे घडते जर्मनीत, जर्मन भाषेत. शिकता शिकता ती शिक्षकाच्या प्रेमात पडते. अक्षरे तिच्या डोळ्यांपुढे सजीव होतात. कोणी उंटावर बसलेले, कोणी झोपेत डोळे उघडे ठेवलेले, असे ती त्यांचे वर्णन करते. प्रेम तडीस जात नाही. शेवटी ती अरबीतून तुर्कीत आलेले शब्द गोळा करते, आणि ते तिला पुरतात. कथा लहान आहे, पण तिच्यातला शरीर आणि अक्षर यांचा खेळ त्यांनी पुढे इतक्या नेटकेपणाने पुन्हा साधला आहे असे मला वाटत नाही.

रंगपट

एक प्रश्न राहिला. त्यांनी तुर्कीत काहीच लिहिले नाही का? की जर्मनमध्ये गेल्यावर मागचे दार बंदच केले?

पिंपळपान

लिहिले आहे, आणि तो अनुभव वेगळा आहे. कवी एजे आयहान हे त्यांचे स्नेही. १९७४ साली आयहान मेंदूच्या शस्त्रक्रियेसाठी झुरिकला गेले, तेव्हा ओझ्दामार त्यांच्या सोबतीला होत्या. त्या वेळची त्यांची रोजनिशी आणि आयहान यांची पत्रे २००७ साली तुर्कीत पुस्तकरूपाने आली. एरवी त्यांच्या कादंबऱ्या तुर्कीत गेल्या त्या इतरांनी केलेल्या अनुवादांतून. स्वतःचे जर्मन पुस्तक स्वतः तुर्कीत आणण्याचा मोह त्यांनी आवरला, हे मला शहाणपणाचे वाटते. जे गद्य तुर्की जर्मनखाली ठेवूनच उभे राहिले आहे, त्याखालून तुर्की काढून वर ठेवले तर खाली काय उरणार?

नाटकही त्यांनी सोडले नाही. २०१० साली पश्चिम जर्मनीतला रूर हा औद्योगिक प्रदेश युरोपची सांस्कृतिक राजधानी होता. तेव्हा ओडिसीवर आधारित नाटकांची एक मालिका तिथल्या नाट्यगृहांनी केली, आणि तिच्यासाठी त्यांनी 'पेरिकिझी' लिहिले. नटी व्हायचे म्हणून युरोपकडे निघालेली मुलगी ही त्या नाटकाची नायिका. म्हणजे पासष्टीकडे झुकतानाही विषय तोच.

शंकेखोर

माझे पूर्ण समाधान झाले नाही, पण याद्या मोठ्याने वाचून पाहण्याची सूचना मान्य. ब्युशनर मिळाला तो कोणत्या पुस्तकामुळे, आणि नव्या वाचकाने सुरुवात कुठून करावी, तेवढे सांगा. सातशे पानांचे नको.

पिंपळपान

ब्युशनर एखाद्या पुस्तकासाठी नसतो, एकूण लेखनासाठी असतो. पण त्याच्या आदल्या वर्षी, २०२१ मध्ये, त्यांची 'सावल्यांनी सीमित केलेला अवकाश' ही कादंबरी आली होती आणि पुरस्काराच्या वेळी चर्चा तिचीच होती. दुर्दैवाने ती सातशे पानांच्या पुढेच आहे. ग्रीसच्या लेस्बोस बेटासमोरच्या तुर्की किनाऱ्यावरचे एक बेट, तिथले ओस पडलेले ऑर्थोडॉक्स चर्च आणि वाद घालणारे कावळे यांच्यापासून ती सुरू होते. ग्रीस आणि तुर्कस्तान यांच्यातल्या १९२३ सालच्या लोकसंख्येच्या अदलाबदलीत तिथली ग्रीक माणसे गेली आणि त्यांची घरे मागे राहिली. निवेदिका तिथून युरोपला निघते, आणि कावळे तिला जाऊ नकोस म्हणून बजावतात. पुढे पॅरिस, बर्लिन, बोखुम, तालमी, मित्रमैत्रिणी, मृत्यू. सत्तरच्या दशकातल्या युरोपकडे, दोन नरकांच्या मध्ये मिळालेली उसंत म्हणून, त्या पाहतात. या धाग्यात वर आलेले जवळजवळ सगळे प्रसंग तिथे पुन्हा येतात, पण या वेळी म्हाताऱ्या नटीच्या आवाजात. आधीची पुस्तके न वाचता ती हाती घेऊ नये.

सुरुवातीसाठी मी 'गोल्डन हॉर्नवरचा पूल' सुचवीन. मार्टिन चाल्मर्स यांचा इंग्रजी अनुवाद २००७ साली निघाला आणि त्याला जॉन बर्जर यांची प्रस्तावना आहे. पूर्वार्ध बर्लिनचा, उत्तरार्ध इस्तंबूलचा. पूर्वार्ध आवडला नाही तर खुशाल सोडून द्या. आवडला तर पहिला कथासंग्रह 'मदर टंग' या नावाने इंग्रजीत मिळतो. त्यातली आजोबांची कथा आणि ऑफेलियाची कथा या दोनच आधी वाचा. 'काराग्योझ' त्यातच कथारूपात आहे. तालमींवरचा निबंध मात्र निराळ्या संग्रहात आहे, आणि ज्यांना जर्मन येते त्यांनी तो मुळातून वाचावा. राईनकाठ यांना तो ग्रंथालयात सहज मिळू शकेल. मिळाल्यास त्यांनी इथे त्याचा तपशीलवार परिचय लिहावा, अशी विनंती.

राईनकाठ

मिळतो का पाहतो. मिळाला तर वेगळा धागा काढतो, इथे तो प्रतिसादांत हरवेल.